जामे मशिदीचा उत्तर घुमट

इस्फहान म्हटलं की नक्श-ए-जहान मैदान आणि त्याच्या काठावरच्या निळ्या मशिदी. संपादकांनाही त्याच हव्या होत्या. शाह अब्बासाने सतराव्या शतकात बांधवलेली शाही मशीद आणि मैदानाच्या पूर्वेकडची शेख लुत्फुल्ला मशीद, दोन्ही देखण्या आहेत यात वादच नाही. पण मैदानाच्या उत्तर टोकाला छपराखालच्या बाजारात शिरून चालत राहिलं की मस्जिद-ए-जामे लागते. दुकानं आणि घरं तिला इतकी बिलगून आहेत की बाहेरून तिचा आकार कळतच नाही. हा लेख मुख्यतः तिच्याविषयी आहे.

1970 च्या दशकात इटालियन तज्ज्ञांनी इथल्या फरशीखाली खोदलं, तेव्हा आठव्या शतकातली मशीद सापडली. तिची किब्ल्याची, म्हणजे नमाजासाठी तोंड करायची, दिशाही आजच्यापेक्षा वेगळी होती. तिच्या जागी 840 च्या सुमारास मोठी, खांबांची मशीद आली. पुढे मात्र सगळं पाडून नवं उभारायच्या फंदात कुणी पडलं नाही. बुवैहिद राजघराण्याने अंगणाभोवती विटांचे खांब वाढवले. सेल्जुक सुलतानांनी शहराला राजधानी केलं, आणि बाराव्या शतकात अंगणाच्या चारही बाजूंना ईवान, म्हणजे एका अंगाने उघडी उंच कमानदार दालनं, उभी राहिली. मंगोल सुलतान ओल्जाइतूच्या काळात, 1310 मध्ये, स्टुकोचा, म्हणजे कोरीव गिलाव्याचा, अप्रतिम मिहराब (किब्ल्याची दिशा दाखवणारा कोनाडा) घडला. तैमुरी काळात, 1447 मध्ये, थंडीसाठी बुटक्या कमानींचा नमाजखाना आला. त्यात उजेड येतो तो छतातल्या पातळ अलाबास्टरच्या शिळांमधून. शाह अब्बासाच्या सफवी घराण्याने अंगणावर निळ्या फरशा चढवल्या.

पण मी अडकलो तो उत्तरेच्या घुमटाखाली.

दक्षिणेला मिहराबावरचा भारदस्त घुमट वजीर निजाम-उल-मुल्कने 1086 च्या सुमारास बांधवला. दोनच वर्षांनी त्याचा प्रतिस्पर्धी ताज-उल-मुल्क याने, ज्याला सेल्जुक सुलतान मलिकशाहची बेगम तेर्केन खातून हिचा पाठिंबा होता, बरोबर समोरच्या टोकाला आपला घुमट उभारला. तो लहान आहे: व्यास साधारण दहा मीटर, उंची वीसच्या आसपास. तो नेमका कशासाठी होता यावर अभ्यासकांचं एकमत नाही. इथे रंगीत फरशी नाही, आहे ती साधी भाजकी वीट. खालच्या कोपऱ्यातल्या बारीक अर्धखांबाची रेघ नजरेने धरून वर न्या. ती कमानीत शिरते, त्या कमानीच्या पोटातून लहान कमानी फुटतात, चौकोनाचा अष्टकोन होतो, अष्टकोनाचे सोळा कोन होतात आणि त्यांवर गोल बसतो. वाटेत एकही रेघ तुटत नाही, एकही वीट उगाच नटण्यासाठी आलेली वाटत नाही.

आणि मग घुमटाच्या पोटात विटांच्याच उठावाने काढलेली पंचकोनी तारका दिसते. खाली चार, आठ, सोळा असा हिशेब. त्यात पाच बसत नाहीत. दोरी दुमडत गेलं की आठ आणि सोळा भाग सहज मिळतात, पाच भागांसाठी भूमिती यावी लागते. गणिती उमर खय्याम त्या वर्षांत याच शहरात, मलिकशाहच्या वेधशाळेत, काम करत होता. घुमटात त्याचा हात असावा असं काही अभ्यासक मानतात. कागदोपत्री पुरावा नाही, तरी ज्या गवंड्यांनी हे गणित विटांत उतरवलं, त्यांना मी खय्यामइतकाच मोठा मानतो. त्यांची नावं कुणी लिहून ठेवली नाहीत.

भारताशी नातं सांगणारी मशीदही इस्फहानातच आहे. हकीम मशीद ज्याच्या पैशाने उभी राहिली तो हकीम दाऊद इराण सोडून शाहजहानच्या दरबारी आला होता, तिथे त्याला तकर्रुब खान हा किताब मिळाला. मशीद 1660 च्या दशकात पुरी झाली, तीही बुवैहिदांच्या जुन्या मशिदीच्या जागेवर. त्या जुन्या मशिदीचा दरवाजा विसाव्या शतकात भिंतीआडून बाहेर आला.

जामे मशिदीने आगीही पाहिल्या, बाँबही. मार्च 1985 मध्ये इराकी हल्ल्यात तिच्या आग्नेय भागातली छतं कोसळली. ती पुन्हा विटांनीच बांधून काढली. 2012 मध्ये तिला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. पडलेलं बांधून काढायला इस्फहानच्या कारागिरांना कुणी शिकवायला नको.

आताचं संकट पायाखालचं आहे. झायंदेरुद नदी वर्षातला बराच काळ कोरडी असते: वरच्या अंगाला शेतीचा उपसा, पोलादाचे कारखाने, यझ्दकडे वळवलेलं पाणी, आणि त्यात अवर्षण. नदी आटली तशी माणसं विहिरींकडे वळली. भूजल उपसलं की चिकणमातीचे थर दबतात, आणि पुढे चांगला पाऊस झाला तरी ते पूर्वीइतके फुगून येत नाहीत. जमीन सगळीकडे सारखी खचत नाही. एक कोपरा जास्त, दुसरा कमी. विटेचं बांधकाम दाब सोसतं, असा पीळ सोसत नाही. शहरातल्या जुन्या वास्तूंना भेगा पडू लागल्या आहेत. भेग चुन्या-गिलाव्याने बुजवता येते, पण खालची हालचाल चालू असेल तर ती पुन्हा उघडते. उपाय उपसा थांबवणं हाच आहे. आणि तो उपसा करणाऱ्यांत तेच शेतकरी आहेत ज्यांच्या वाट्याची नदी आधीच हिरावली गेली. त्यांना नदीचं पाणी परत दिल्याशिवाय विहिरी बंद करा असं कोणत्या तोंडाने सांगायचं, याचं उत्तर सरकारने द्यायला हवं, आणि लवकर द्यायला हवं.