आवाजांची कुळे

मराठीच्या प्राध्यापकाला एक वाईट खोड असते. समोरचा काय बोलतो यापेक्षा तो कसे बोलतो इकडेच त्याचे कान असतात. या खोडीपायी मी एका मुलाचे तोंड जवळजवळ वर्षभर बंद करून ठेवले होते, ती ही हकीकत.

मुलगा मोखाडा तालुक्यातला, वारली. वर्गात उतारा वाचताना त्याने ‘पाणी’चे ‘पानी’ केले आणि वर्ग हसला. मीही हसलो, वर उपदेश केला, “अरे, ण मूर्धन्य आहे. जीभ वळवून वर लाव.” त्याने जीभ वळवली, ‘पाणी’ म्हटले आणि खाली बसला. पुढे तो आपण होऊन कधी बोललाच नाही.

वास्तविक माझा अभिमान अगदीच पोकळ नव्हता. आपली वर्णमाला ही जगातली एक नामी मांडणी आहे. क वर्ग कंठातला, च वर्ग तालूचा, ट वर्ग मूर्ध्याचा, त वर्ग दातांचा आणि प वर्ग ओठांचा. वारा जसा घशातून निघून ओठांबाहेर पडतो, त्याच वाटेने अक्षरे रांगेत उभी आहेत. प्रत्येक ओळीत पुन्हा कठोर, मृदू, अल्पप्राण, महाप्राण आणि शेवटी अनुनासिक. पाचा पाचा पंचवीस व्यंजने, प्रत्येकाचे घर ठरलेले!

इतकी नेटकी रचना माणसाने केली, हे पूर्वजांनाही खरे वाटले नसावे. म्हणून कथा झाली की तांडव संपताना शंकराने चौदा वेळा डमरू वाजवला आणि त्यातून पाणिनीच्या व्याकरणाची चौदा माहेश्वर सूत्रे निघाली. तांत्रिक तर आणखी पुढे गेले. शरीरातल्या सहा चक्रांच्या पाकळ्या चार, सहा, दहा, बारा, सोळा आणि दोन, म्हणजे एकूण पन्नास. एकेका पाकळीवर त्यांनी एकेक अक्षर बसवले. न्यासाच्या वेळी साधक अंगावर जागोजाग बोटे ठेवून तीच मातृका स्थापन करतो. अक्षर हे नुसते अक्षर राहिले नाही, ती देवता झाली.

हे वेड फक्त आपलेच, असेही नाही. कोरियाच्या सेजोंग राजाने १४४६ साली नवी लिपी जाहीर केली. तिच्यातली काही अक्षरे जीभ, दात, कंठ यांच्या आकारावरून काढलेली. सोबतच्या ग्रंथात पंडितांनी या ध्वनींची नाती पंचतत्त्वांशी, पाच सुरांशी आणि ऋतूंशी लावून दिली. कंठातला ध्वनी म्हणजे जल आणि हिवाळा. जिभेचा म्हणजे अग्नी आणि उन्हाळा. आवाजालाही ऋतू असतो, ही कल्पना मला मोठी गमतीची वाटली होती. ती खरी वाटली मोखाड्यात.

दिवाळीच्या सुटीत त्या मुलाने मला पाड्यावर बोलावले. का बोलावले, कोण जाणे! जव्हार सोडून गाडी मोखाड्याच्या रस्त्याला लागली तेव्हा खाचरांतले भात कापणीला आले होते. दिवस वाघबारशीचा. आपण वसुबारस करतो, तेव्हा वारली वाघाला पुजतात. अंधार पडला आणि खळ्यात तारपा घुमू लागला. सुकवलेला भोपळा, त्याला मेणाने जोडलेल्या बांबूच्या दोन नळ्या आणि ताडाच्या पानांचा लांब कर्णा, एवढेच ते वाद्य. वाजवणारा श्वास न तोडता वाजवतो आणि त्याच्याकडे पाठ न करता नाचणाऱ्यांचा वेढा फिरत राहतो. जव्हार तालुक्यातल्या वाळवंड्याचे भिकल्या लाडक्या धिंडा यांना याच वाद्यासाठी २०२६ साली पद्मश्री जाहीर झाली.

माझा विद्यार्थी शेजारी बसून सांगत होता आणि मी प्रथमच त्याचे बोलणे ऐकत होतो. भात पिकले की तारपा. कणसरी ही धान्याची देवी. तिच्या पूजेत भगताची घांगळी. लग्न लागायचे ते धवलेरीच्या गाण्याने. ही पुरोहित बाई गाते तेव्हा लग्न लागते. मोखाड्यात बोहाड्याची सोंगे येणार ती संबळाच्या ठेक्यावर. म्हणजे इथेही आवाजांची कुळे होती! आम्ही आवाज लावला तोंडातल्या जागांवरून, यांनी देवांवरून आणि पिकांवरून. हे कोष्टक कुठल्या फळ्यावर लिहिलेले नव्हते, पण पाड्यावरच्या पोरालाही ते पाठ होते.

मग मला माझेच कोष्टक आठवले. ‘जरा थांब’मधला ज आणि म्हातारपण या अर्थाच्या ‘जरा’मधला ज यांचे उच्चार वेगळे, तरी आम्ही दोघांना एकाच घरात कोंबले आहे. हिंदी बोलणारा ‘पानी’ म्हणतो तेव्हा आपण हसत नाही. मोखाड्याचा मुलगा म्हणतो तेव्हाच हसतो. मग दोष जिभेचा की आपल्या कानांचा?

रात्री उशिरा त्याने तारपा माझ्या हातात दिला. “सर, वाजवा.” मी छाती फुटेपर्यंत फुंकले. नुसता फुस्स वारा! भोवती पंधरावीस माणसे उभी होती. म्हटले, आता आपली पाळी.

कोणी हसले नाही. तो जवळ आला आणि आपले गाल फुगवून दाखवत म्हणाला, “सर, वारा गालात ठेवायचा. होईल हळूहळू.”

त्याच्या आजीने मला तांब्याभर पानी दिले. मी ते प्यालो.