चित्राशेजारची पाटी

मागच्या दोन व्याख्यानांत आपण 'सौंदर्य' या शब्दाभोवती फिरत होतो. त्यानंतर श्रोत्यांची काही पत्रं आली, आणि बऱ्याच जणांचं म्हणणं साधारण एकच होतं. सौंदर्यशास्त्र राहू द्या, आम्ही आधुनिक कलेच्या प्रदर्शनाला जातो तेव्हा चित्र एक वेळ कळतं, पण शेजारच्या पाटीवरचा मजकूर कळत नाही. एका बाईंनी लिहिलंय, की चित्रं बघून तशीच बाहेर पडले असते तर बरं झालं असतं, मजकूर वाचला आणि आपण अडाणी आहोत असं वाटायला लागलं. हे वाक्य माझ्या मनातून जाईना. म्हणून आज या पाटीवरच्या भाषेबद्दल.

एक वाक्य ऐका. 'हे काम अवकाशाच्या राजकारणाची चौकशी करतं, आणि स्मृती व विस्मृती यांच्यातल्या सीमारेषा धूसर करतं.' हे मी आत्ता इथे बसून बनवलंय, कुठल्या प्रदर्शनातलं नाही. तरी ओळखीचं वाटलं ना? गंमत अशी, की काम कोणतं ते मी सांगितलेलंच नाही आणि वाक्याचं त्यावाचून काही अडलेलं नाही.

आता अशा भाषेवर दोन प्रतिक्रिया ठरलेल्या. एक, ही सगळी बनवाबनवी आहे. दुसरी, यात काहीतरी खोल असणार, आपली पोच नाही. दोन्हींत एक सोय आहे, वाक्य तपासायचे कष्ट वाचतात. आपण ते कष्ट घेऊ.

परिभाषा असणं हा काही गुन्हा नाही. गाण्याचंच घ्या. दरबारी कानड्यातला गांधार आंदोलित असतो असं जाणकार म्हणतो. ज्याला हा शब्द माहीत नाही त्यालाही तो स्वर ऐकू येतच असतो, पण शब्द कळल्यावर कान तिथे थांबायला शिकतो. आणि मुख्य म्हणजे हे विधान खोटं ठरू शकतं. गवयाने गांधार नुसता सरळ उभा लावला, तर 'आंदोलन कुठाय?' असं आपण विचारू शकतो.

चित्रकलेतही असे शब्द आहेत. अमेरिकेत गेल्या शतकाच्या मध्यावर क्लेमेंट ग्रीनबर्ग नावाचे समीक्षक होते. जॅक्सन पोलॉकची ती रंग ओतून, शिंतडून केलेली मोठाली चित्रं तुम्ही पाहिली असतील, निदान छापील तरी. अशा चित्रांसाठी ग्रीनबर्गनी 'ऑल-ओव्हर' हा शब्द वापरला. म्हणजे काय, तर चित्राला मध्य नाही, कोपरा नाही, मुख्य पात्र नाही. कापडाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सारख्याच महत्त्वाने सगळं भरलेलं. रविवर्म्याच्या चित्रात डोळा आधी कुठे जावा हे चित्रकाराने ठरवलेलं असतं, पोलॉकच्या चित्रात ते ठरलेलंच नसतं. हा फरक 'ऑल-ओव्हर' या एका शब्दात मावतो, आणि रविवर्म्याला तो लावला तर तो चुकतो. पुढे १९६० साली 'मॉडर्निस्ट पेंटिंग' या निबंधात त्यांनी सपाटपणाचा सिद्धान्त मांडला. कथा नाटकातही असते, घनता शिल्पातही असते, सपाट पृष्ठभाग मात्र चित्राचा खास स्वतःचा. म्हणून आधुनिक चित्रकला तो लपवायच्या ऐवजी पुढे आणते, असा तो युक्तिवाद.

त्याच काळात हॅरॉल्ड रोझेनबर्ग दुसरंच सांगत होते. १९५२ साली त्यांनी 'अ‍ॅक्शन पेंटिंग' हा शब्द काढला. त्यांच्या मते या चित्रकारांसाठी कॅनव्हास म्हणजे कृती करायचा आखाडा, आणि चित्र म्हणजे त्या कृतीची मागे राहिलेली खूण. बघा हं, पोलॉक तोच. ग्रीनबर्गचा शब्द घेऊन गेलात तर तुम्ही पृष्ठभाग बघता, रोझेनबर्गचा घेऊन गेलात तर हाताचा वेग आणि शरीराचा झोक शोधता. दोघांचं जमत नव्हतं. पण त्यांचं भांडण करता येत होतं, कारण शब्द चित्रावर टेकलेले होते. मला हे भांडण फार आवडतं.

मग बिनसलं कुठे? इथे थोडं मागे जावं लागेल, १९१७ सालच्या न्यूयॉर्कला. मार्सेल द्युशांने एक तयार मूत्रपात्र घेतलं, त्यावर 'आर. मट' अशी सही केली, 'फाउंटन' असं नाव दिलं आणि प्रदर्शनाला पाठवलं. फी भरली की काम लावायचं असा त्या संस्थेचा नियम होता, तरी ते लावलं गेलं नाही. 'द ब्लाइंड मॅन' या छोट्या नियतकालिकात आल्फ्रेड स्टीग्लिट्झने काढलेला त्याचा फोटो आणि एक निनावी बचाव छापून आला. बचावाचा मुद्दा असा, की हाताने बनवलं की नाही हे गौण आहे, त्याने ती वस्तू निवडली आणि तिच्याविषयी नवा विचार निर्माण केला. आणि मूळ वस्तू? ती हरवली. फोटो राहिला, शब्द राहिले. नंतरच्या शतकात कलेचं काय होणार याचा नमुनाच म्हणायचा.

१९६४ साली तिथेच अँडी वॉरहॉलने ब्रिलो नावाच्या घासणीच्या खोक्यांच्या हुबेहूब प्लायवूडच्या प्रतिकृती गॅलरीत मांडल्या. (जाता जाता, दुकानातल्या खऱ्या खोक्यावरची रचना जेम्स हार्वी नावाच्या माणसाची होती, आणि तो स्वतः अमूर्त शैलीत चित्रं काढणारा चित्रकार होता. नशीब म्हणतात ते हे.) आर्थर डान्टो या तत्त्वज्ञाने ती खोकी पाहिली आणि त्याच वर्षी 'द आर्टवर्ल्ड' हा निबंध लिहिला. त्याचा प्रश्न आमच्या विषयाच्या विद्यार्थ्यांना मी वर्षानुवर्षं शिकवला. दोन वस्तू दिसायला सारख्या आहेत, एक कलाकृती आहे आणि एक नाही. तर फरक डोळ्याला दिसणाऱ्या गुणात असूच शकत नाही. डान्टोचं उत्तर असं, की त्यासाठी कलेच्या इतिहासाचं ज्ञान लागतं, सिद्धान्ताचं वातावरण लागतं. म्हणजे शब्द लागतात.

ही पायरी नीट लक्षात घ्या, सगळी गोम इथे आहे. ग्रीनबर्गच्या हातातला शब्द चित्रात काय आहे ते दाखवत होता. डान्टोनंतर शब्दावर आणखी एक काम आलं, समोरची वस्तू कला आहे असा तिला दर्जा मिळवून देण्याचं. पंचांनी 'आउट' म्हटल्याशिवाय फलंदाज बाद होत नाही, तसं काहीसं. डान्टो बरोबरच होता असं मी आजही मानतो, हे दुसरं काम खरं आहे आणि आवश्यकही आहे. पण पंच निदान चेंडूकडे बघून बोट वर करतो. दर्जा देणारी भाषा वस्तूकडे न बघताही बोलता येते हे एकदा लोकांच्या ध्यानात आलं, आणि ती सैल सुटली.

किती सैल, याचा एक अभ्यास आहे. अ‍ॅलिक्स रूल आणि डेव्हिड लेव्हिन या दोघांनी २०१२ साली 'इंटरनॅशनल आर्ट इंग्लिश' नावाचा निबंध प्रसिद्ध केला. ई-फ्लक्स ही संस्था जगभरच्या प्रदर्शनांची निवेदनं ईमेलने पाठवते. तिची वर्षानुवर्षांची निवेदनं गोळा करून त्यांनी ती संगणकाला तपासायला लावली, आणि ब्रिटिश इंग्रजीच्या एका मोठ्या शब्दसंग्रहाशी ताडून पाहिली. विशेषणांची भाववाचक नामं करायची या भाषेला भारी हौस. 'दृश्य' म्हणून भागत नाही, 'दृश्यता' हवी. 'स्पेस' हा शब्द तर खोलीपासून मनापर्यंत कशालाही. हे वळण आलं कुठून, यावर त्यांनी 'ऑक्टोबर' या १९७६ साली सुरू झालेल्या अमेरिकन नियतकालिकाकडे बोट दाखवलं. त्यात फ्रेंच तत्त्वचिंतकांची भाषांतरं येत, आणि भाषांतराचा तो जडपणा पुढे विद्वत्तेची खूण बनला. मराठीत हे सांगायला नको, आपल्याकडेही भाषांतराचा वास येणारा लेख जास्त गंभीर समजतात!

हा निबंध लोकांनी हसत हसत वाचला. पण पुढच्याच वर्षी हितो श्टायर्ल या जर्मन कलावती-लेखिकेने त्याला उत्तर दिलं, ते मला महत्त्वाचं वाटतं. तिचा प्रश्न असा, की ही मोजपट्टी कोणाची? ही निवेदनं लिहितं कोण? बऱ्याचदा कुठल्यातरी देशातला, बिनपगारी उमेदवारी करणारा मुलगा किंवा मुलगी, जिची मातृभाषा इंग्रजी नाही. तिच्या इंग्रजीला हसणं सोपं आहे. मला ते पटलं. या भाषेचा जाच दोन्ही बाजूंनी आहे, वाचणारी बाई अडाणी ठरते आणि लिहिणारी मुलगी हास्यास्पद.

आता मराठीकडे येऊ. आपल्याकडे काही शब्द फार चांगले आहेत. 'पोत' घ्या. कापडातून आलेला शब्द, लुगडं चिमटीत धरून बघणाऱ्या कुठल्याही आजीला तो कळतो, आणि चित्राच्या पृष्ठभागाला तो चपखल बसतो. 'इन्स्टॉलेशन'ला 'मांडणशिल्प' म्हणतात. त्यातलं 'मांडण' उत्तम, कारण मांडलेलं आवरता येतं हे त्यात येतं. 'शिल्प' मात्र जरा ओझं होतं, खोलीत नुसता आवाज भरून ठेवला असेल तर शिल्प कुठे शोधायचं? मर्ढेकरांनी 'सौंदर्य आणि साहित्य'मध्ये 'लय' हा रोजचा शब्द घेऊन त्याचे संवाद, विरोध, समतोल असे प्रकार केले. त्यांचा सिद्धान्त मान्य करा वा करू नका, त्यांच्याशी वाद घालता येतो. आणि चित्रकार प्रभाकर बरवे यांचं 'कोरा कॅनव्हास' वाचलं नसेल तर जरूर वाचा.

पण 'अमूर्त' हा शब्द आपल्याला अडचणीत टाकतो. मोंद्रियानने झाडाची चित्रं एकामागून एक केली. फांद्या हळूहळू नुसत्या रेषा होत गेल्या. तिथे झाड होतं, त्यातून काहीतरी काढून घेतलं. 'अ‍ॅब्स्ट्रॅक्ट'चा मूळ अर्थच काढून घेणं असा आहे. वासुदेव गायतोंडे मात्र स्वतःच्या चित्रांना 'अ‍ॅब्स्ट्रॅक्ट' म्हणू देत नसत, 'नॉन-ऑब्जेक्टिव्ह' म्हणत. म्हणजे सुरुवातीलाच कुठली वस्तू नाही, तर काढून घेणार कशातून? मराठीत दोन्हींना आपण 'अमूर्त' म्हणतो आणि गायतोंड्यांचा आक्षेप त्यात बुडून जातो. बरं, 'नॉन-ऑब्जेक्टिव्ह'चं शब्दशः 'अवस्तुनिष्ठ' करावं, तर आणखी घोटाळा. 'वस्तुनिष्ठ' म्हणजे पक्षपात नसलेलं, हा अर्थ आपल्याकडे पक्का आहे. म्हणजे 'अवस्तुनिष्ठ चित्र' ऐकून वाटायचं, की चित्रकाराने काहीतरी पक्षपात केलाय! मी तरी 'वस्तुविरहित' म्हणतो. बोजड आहे, पण खोटं नाही.

वेळ होत आला. श्रोत्यांतून एक चिठ्ठी आलीय, ती वाचतो. 'मी कलाविद्यालयात शेवटच्या वर्षाला आहे. शिष्यवृत्तीच्या अर्जाबरोबर माझ्या कामाविषयी दोनशे शब्द इंग्रजीत लिहायचे आहेत. सगळे जसं लिहितात तसं नाही लिहिलं तर अर्ज बाजूला पडेल का?'

पडू शकतो. तुमची खोटी समजूत घालणार नाही मी. अर्ज वाचणारेही याच भाषेत वाढलेत. पण एक करून पाहा. आधी मराठीत लिहा, आणि लिहिलेलं शेजारी बसणाऱ्या मित्राच्या कामाखाली चिकटवा. तिथेही ते शोभलं, तर ते तुमच्या कामाविषयी नाहीच, खोडून टाका. जे वाक्य तिथे विचित्र दिसेल, जसं 'मी चुन्याचे सात हात देते आणि प्रत्येक हात वाळायच्या आत खरवडते', ते ठेवा. अशी चार वाक्यं झाली की इंग्रजीत करा. आता वर एखादी 'स्पेस' टाकावी लागली, तर टाका, माझी हरकत नाही. परीक्षकाला काय हवं ते त्याला द्या. पण ती चार वाक्यं काढू नका. आणि ज्या बाईंनी मला पत्र लिहिलं, त्या तुमच्या प्रदर्शनाला आल्या तर त्यांना तीच चार वाचायला द्या, मराठीतली.