कोशेर म्हणजे पाककृती नव्हे

बिस्किटाच्या पुड्यावर कधी कधी ‘कोशेर’ असा शिक्का असतो. लहान गावांतही तो पोहोचतो. पुष्कळांना वाटते, ज्यू धर्मगुरूने मंत्र म्हणून दिलेले अन्न म्हणजे कोशेर. तसे नाही. कोशेर (‘योग्य’ या अर्थाचा हिब्रू शब्द) हा काय आणि कसे खावे याचा नियम आहे. धर्मगुरू फक्त तो नियम पाळला का, हे तपासतो.

आपल्या उपवासाचे उदाहरण घ्या. साबुदाणा चालतो, गहू चालत नाही. एवढे पाळून वरीचे तांदूळ कोणी कसेही रांधावेत. कोशेरही तसेच, फक्त ते रोजचे.

याचा मराठी दाखला कोकणातच आहे. रायगडच्या बेने इस्रायल या ज्यू समाजाची मातृभाषा मराठी. तेलाचा घाणा चालवणारे आणि शनिवारी काम बंद ठेवणारे म्हणून त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. खवले आणि पर असलेला मासा त्यांना चालतो, म्हणून पापलेट खातात. कोळंबी, खेकडा नाही. मांसाबरोबर दूधदुभते निषिद्ध, म्हणून मटणाच्या रश्शात दह्याऐवजी नारळाचे दूध येते. चव अस्सल कोकणी, नियम तोराचा (ज्यूंचा धर्मग्रंथ). मला चव आणि नियम यांचे हे जुळणे फार मोलाचे वाटते.

नवसाला आणि शुभप्रसंगी बेने इस्रायल एलियाहू हनबी (प्रेषित एलिया) यांच्या नावाने मलिदा करतात: भिजवलेले पोहे, ओले खोबरे, साखर आणि सोबत फळे.