परत आलेला हैदराबादी

अंबरपेठ, विद्यानगर, नारायणगुडा या पट्ट्यात अमेरिकेचं अप्रूप केव्हाच संपलं. व्हिसा मिळावा म्हणून चिलकूरच्या बालाजीला ११ प्रदक्षिणा घालायच्या आणि मिळाला की १०८, हा हिशेब इथल्या पोरांना तोंडपाठ असतो. जाणाऱ्यांच्या कथा पैशाला पासरी. चित्रपट दिग्दर्शक नागेश कुकुनूर गेला तसा परतही आला, आणि परतण्यावरच त्याने आपली कारकीर्द उभी केली.

जन्म १९६७चा, नारायणगुड्यातला. शाळा येरकाडच्या माँटफर्टमध्ये, पदवी अंबरपेठेच्या शेजारच्या उस्मानियातून, तीही रसायन अभियांत्रिकीची. पुढे जॉर्जिया टेक, मग अटलांटात पर्यावरण सल्लागाराची नोकरी. इथपर्यंत सगळं मध्यमवर्गीय आईबापांना शोभेलसं. पण नोकरी सांभाळून तो अभिनयाच्या आणि चित्रपटाच्या कार्यशाळांना जात राहिला आणि पगारातून उरलेल्या पैशांवर ‘हैदराबाद ब्लूज’ (१९९८) काढला. खर्च सुमारे १७ लाख, चित्रीकरण १७ दिवसांचं. लेखक, दिग्दर्शक, निर्माता आणि नायकही तोच.

या आकड्यांचं कौतुक नेहमी होतं. त्यांनी लेखनाला काय वळण लावलं, याकडे मात्र कमी लक्ष जातं. हाती पैसा नसला की माणसं बसून बोलतात, आणि हा चित्रपट बोलण्यावरच तरला आहे. इंग्रजीत हिंदी आणि तेलुगू मिसळून माणसं जशी घरात बोलतात तशीच इथे पडद्यावर बोलतात. १२ वर्षांनी परतलेल्या वरुण नायडूला लग्नाचे प्रश्न विचारून सगळे हैराण करतात. तोही सगळ्यांना अमेरिकन शहाणपण शिकवत सुटतो. गावापेक्षा जास्त हसू या शहाण्यावरच येतं, म्हणून चित्रपट अजून बघवतो. यात काम केलेली इलाहे हिप्तुल्ला पुढे त्याच्या चित्रपटांची निर्माती झाली. कुकुनूरच्या यशात तिचा वाटा मोठा आहे. तो फारसा सांगितला जात नाही, हा आपल्याकडचा जुनाच रोग.

‘रॉकफर्ड’ (१९९९) वसतिगृहातल्या मुलांचा. ‘बॉलिवूड कॉलिंग’मध्ये (२००१) स्थलांतराची दिशा उलटते: उतरणीला लागलेला अमेरिकन नट हिंदी चित्रपटात येतो आणि चक्रावतो. ‘तीन दीवारें’ने (२००३) कथेचं फिल्मफेअर मिळवून दिलं.

मराठी प्रेक्षकाची त्याच्याशी ओळख झाली ती ‘इक्बाल’मुळे (२००५). इथे पैसा सुभाष घईंच्या मुक्ता सर्चलाइटचा. मूकबधिर गोलंदाजाच्या भूमिकेत श्रेयस तळपदे, आई प्रतीक्षा लोणकर, वडील यतीन कार्येकर. राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. पुढच्याच वर्षी ‘डोर’ आला. मूळ कथा ‘पेरुमळक्कालम’ या मल्याळम चित्रपटाची, पण कुकुनूरने ती हिमाचलातून राजस्थानात नेली. त्यातली झीनत एका अनोळखी विधवेच्या सहीसाठी देश पालथा घालते. त्याच्या चांगल्या चित्रपटांत बहुधा कुणीतरी बाहेरून येतं किंवा घर सोडून निघतं. ‘धनक’मधली (२०१५) बहीणभावंडंही तशीच. त्या चित्रपटाला बर्लिन महोत्सवात बालचित्रपट विभागाचं पारितोषिक मिळालं.

मधली वर्षं वाईट गेली. ‘बॉम्बे टू बँकॉक’ पडला. अक्षय कुमारला घेऊन केलेला ‘एट बाय टेन तस्वीर’ही पडला, आणि ‘आशायें’ रखडत रखडत २०१०मध्ये आला. मोठा नट आणि मोठा खर्च आला की कुकुनूर बिचकतो, असं माझं मत. ‘लक्ष्मी’त (२०१४) तो पुन्हा लहान खर्चाकडे वळला आणि देहविक्रीच्या दलालाची किळसवाणी भूमिका त्याने स्वतःच केली.

मालिकांनी त्याला दुसरी खेळी दिली, तीही मराठी घरात. ‘सिटी ऑफ ड्रीम्स’ (२०१९, २०२१, २०२३) त्याने रोहित बनवलीकरांबरोबर लिहिली. अतुल कुलकर्णींचे अमेयराव गायकवाड हल्ल्यात जबर जखमी होतात आणि वारशासाठी प्रिया बापट आणि सिद्धार्थ चांदेकर ही भावंडं एकमेकांसमोर उभी राहतात. सचिन पिळगावकरांचा जगदीश गुरव शांतपणे सोंगट्या हलवतो. आजवर त्याची माणसं घराबाहेर पडत होती. या घरातून मात्र कुणाची सुटका नाही. महाराष्ट्राचं राजकारण एका तेलुगू माणसाने लिहावं याचं काहींना नवल वाटलं. मला वाटलं नाही. आडनावांचा आणि खुर्चीचा संबंध परक्याच्या डोळ्याला लवकर दिसतो.

‘मॉडर्न लव्ह हैदराबाद’मध्ये (२०२२) तो स्वतःच्या गावात परतला. सहापैकी तीन कथा त्याने दिग्दर्शित केल्या. त्यातली पहिली सर्वांत उजवी: टाळेबंदीत एका घरात अडकलेल्या मायलेकी, रेवती आणि नित्या मेनन. मात्र काचीगुडा, अंबरपेठ भागातलं मराठी घर त्याच्या हैदराबादेत मला दिसलेलं नाही. मराठी माणूस त्याला सापडला तो मुंबईतच. ‘द हंट’मध्ये (२०२५) तर तो राजीव गांधी हत्येच्या तपासाकडे वळला. तिथे अमित सियालचा डी. आर. कार्तिकेयन पुराव्यांमागे धावतो, आणि कुकुनूर पुन्हा माणसांना खोलीत बसवून बोलायला लावतो.