बिनतारी माऊस घेताना

उंदीर म्हटला की आम्हा शेतकी खात्यातल्या माणसांना झिंक फॉस्फाईडचे आमिष आणि पिंजरे एवढेच आठवते. गेली काही वर्षे मात्र शेतकरी मंडळी दुसऱ्याच उंदराविषयी विचारू लागली आहेत. गावात बैठक असते, ठिबकचे अनुदान, पीक विमा असे सगळे बोलून होते आणि उठता उठता कोणीतरी जवळ येऊन विचारतो, "साहेब, पोरीला कॉलेजसाठी लॅपटॉप घेतला. आता ती बिनवायरचा माऊस मागतेय. दुकानात दोनशेचाही आहे आणि दोन हजारांचाही. कोणता घ्यावा?" बियाण्याची पिशवी निवडताना असते तितकीच काळजी या प्रश्नात असते, आणि ती असायलाच हवी. पैसा घामाचा आहे.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. लॅपटॉपला बोटाने चालवायची पट्टी असतेच, माऊसवाचून काही अडत नाही. पण सातबारा काढणे, महाडीबीटीवर अर्ज भरणे, दूध संस्थेचा किंवा बचत गटाचा हिशेब लिहिणे, मुलांचा अभ्यास अशी तास-दीड तासाची कामे त्या पट्टीवर केली की बोटे आणि मनगट दोन्ही अवघडतात. माऊसने तेच काम लवकर होते. ज्या घरात संगणक आठवड्यातून एकदाच उघडतो, त्या घराने हा खर्च खुशाल पुढे ढकलावा.

हे यंत्र तसे जुने आहे. अमेरिकेत डग्लस एंगेलबार्ट यांच्या कल्पनेतून १९६४ साली पहिला माऊस तयार झाला, तो लाकडी डबी आणि तिच्या तळाला दोन चाके असा होता. मागे वायर लोंबत असे, म्हणून उंदराचे नाव पडले. आता ती शेपटीही गेली, नाव तेवढे राहिले.

वायर हवी की नको?

संगणक एकाच टेबलावर कायमचा असेल तर वायरचा माऊस वाईट नाही. तो २०० ते ३५० रुपयांत मिळतो, त्याला सेल लागत नाही आणि काही हरवत नाही. बिनतारी माऊस शोभतो तो लॅपटॉपला. लॅपटॉप कधी ओसरीवर, कधी माजघरात, कधी मुलीबरोबर वसतिगृहावर जातो. शिवाय आपल्या घरांची एक वेगळी अडचण आहे. ज्वारीची पोती आणि संगणक एकाच खोलीत असला, की खरा उंदीर या उंदराची शेपटी रात्रीतून कुरतडून ठेवतो. शहरातला दुकानदार हे कारण सांगणार नाही, पण मी दोन-तीन घरांत हे पाहिले आहे.

बिनतारी माऊस दोन प्रकारचे असतात. एकाबरोबर नखाएवढी पिन येते, तिला रिसीव्हर म्हणतात. ती लॅपटॉपच्या खाचेत खोचली की माऊस चालू. दुसरा ब्लूटूथचा, त्याला पिन लागत नाही, पण लॅपटॉपमध्ये ब्लूटूथ असावे लागते. जुन्या टेबलावरच्या संगणकांत ते बहुधा नसते. घरात नवे-जुने दोन्ही असेल तर पिनेचाच घ्यावा. मात्र काही नव्या पातळ लॅपटॉपना जुनी चपटी यूएसबी खाच नसते, फक्त मोबाइलच्या टाइप-सी चार्जरसारखी लहान खाच असते. तिथे ही पिन बसत नाही. तेव्हा लॅपटॉप बरोबर घेऊनच दुकानात जावे.

पिन हरवली की बहुतेक स्वस्त माऊस निकामी होतात, कारण दुसरी पिन त्यांना चालत नाही. म्हणून माऊसच्या पोटात पिन ठेवायला जागा आहे का, हे उलटून पाहावे. जागा असेल तर काम संपल्यावर पिन तिथेच ठेवायची सवय सगळ्यांना लावावी.

सेलचा की चार्जिंगचा?

यावर मी थोडे विस्ताराने लिहितो, कारण जास्त फसगत इथेच होते. चार्जिंगचा माऊस दिसायला आकर्षक असतो, त्यातले दिवे रंगीबेरंगी लुकलुकतात. "सेलचा खर्च नाही" असे सांगून तो विकला जातो. पण त्याच्या पोटातली बॅटरी मोबाइलसारखीच दोन-तीन वर्षांत थकते. मोबाइलची बॅटरी कोणीही बदलून देतो. चारशे रुपयांच्या माऊसची बॅटरी बदलायला तालुक्याला कोणी बसलेले नाही. चांगला माऊस मग तेवढ्यासाठी फेकावा लागतो.

सेलच्या माऊसला बहुतेक वेळा एकच पेन्सिल सेल लागतो, भिंतीवरच्या घड्याळाचा. चांगल्या माऊसमध्ये तो कित्येक महिने पुरतो. संपला तर गावातल्या किराणा दुकानात मिळतो, आणि दुकान बंद असले तर घड्याळातला काढून तासभर काम भागवता येते. खेड्यातल्या घराला मी सेलचाच सांगतो. काही माऊसना टीव्हीच्या रिमोटचे बारीक सेल लागतात, तेही चालतील. पण काय लागते ते घेण्यापूर्वी पाहावे. बंद-चालू करण्याची कळ पोटाला असावी, म्हणजे सेल वाया जात नाही.

हात कोणाचा?

माऊस घ्यायला बाप जातो आणि वापरणार असते मुलगी, सून किंवा गटाचा हिशेब लिहिणारी कारभारीण. बापाच्या पंजात छान बसणारा मोठा माऊस तिच्या हाताला जड होतो, आणि महिनाभराने मनगट दुखू लागते. खुरपे घेताना आपण मूठ धरून पाहतो की नाही? तसे ज्याचे काम त्याने दुकानात हात ठेवून पाहावे. तळवा टेकला पाहिजे आणि दोन्ही बोटे ओढाताण न होता कळांवर पडली पाहिजेत. घरात कोणी डावखुरे असेल तर दोन्ही बाजू सारख्या असलेला माऊस घ्यावा. अंगठ्यासाठी एका बाजूला खोलगट केलेले माऊस बहुधा उजव्या हाताचे असतात. कळांची अदलाबदल संगणकाच्या सेटिंगमध्ये करता येते.

खोक्यावर डीपीआय म्हणून मोठे आकडे छापलेले असतात. माऊस एक इंच सरकवला तर पडद्यावरचा बाण किती ठिपके सरकतो, त्याचे ते माप. आपल्या कामाला १००० पुष्कळ झाले. त्यापुढचे आकडे खेळ खेळणाऱ्या मुलांसाठी, आणि काही नुसतेच खोक्यावरचे.

खरी परीक्षा कळेची असते. आमच्या भागातल्या एका बचत गटाच्या सचिव ताई हिशेब लिहीत, आणि महिनाअखेरीला काही हप्ते दोनदा जमा झालेले दिसत. बैठकीत कुजबुज सुरू झाली. ताईंनी रडकुंडीला येऊन सगळा हिशेब दोनदा तपासला. शेवटी त्यांच्या भाच्याने स्वतःचा माऊस लावून पाहिला तेव्हा उलगडा झाला. जुन्या माऊसची डावी कळ झिजली होती. एकदा दाबली की संगणकाला दोनदा दाबल्यासारखे वाटे आणि एकच नोंद दोनदा चढे. दोष दोनशे रुपयांच्या कळेचा, आणि बोल लागला बाईच्या सचोटीला. म्हणून दुकानात डावी कळ वीस-पंचवीस वेळा दाबून पाहावी. फाइलच्या चित्रावर एकदा दाबले की ती नुसती निवडली गेली पाहिजे, उघडता कामा नये. मधले चाक फिरवून पान एकसारखे सरकते का तेही पाहावे.

किमतीचे म्हणाल, तर परिचित कंपनीचा साधा बिनतारी माऊस ४०० ते ८०० रुपयांत येतो. काही कंपन्या १ वर्षाची हमी देतात, काही ३ वर्षांची. २२५ रुपयांचा निनावी माऊस सहा महिन्यांत गेला तर वर्षाला ४५० पडले. ६०० चा तीन वर्षे चालला तर वर्षाला २००. आठशेच्या पुढे जाण्याचे कारण मला तरी दिसत नाही. पक्के बिल घ्यावे, त्यावर दुकानाचा जीएसटी क्रमांक आणि माऊसचे मॉडेल लिहून घ्यावे. बिलाशिवाय हमीला अर्थ नसतो. घरपोच मागवला तर खोके उघडताना मोबाइलवर चित्रफीत काढून ठेवावी आणि परत करण्याची मुदत संपायच्या आत वापरून पाहावा. दुकानदार दाद देईना तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे.

आता निगा. माऊसच्या पोटाला एक लहान डोळा असतो. तो खालच्या पृष्ठभागाची सेकंदाला हजाराहून अधिक चित्रे टिपतो आणि त्यावरून हालचाल ओळखतो. काचेवर आणि फार चकचकीत सनमायकावर तो गडबडतो. महाग पॅड नको, वहीचा खरखरीत पुठ्ठा खाली ठेवला तरी चालतो. मळणीच्या दिवसांत भुसा आणि धूळ त्या डोळ्यात जाते, तेव्हा बाण उड्या मारू लागतो. कोरड्या कापसाने पुसले की बरा होतो. पाणी लावू नये. टेबलाखालच्या संगणकाला मागच्या बाजूने पिन लावली आणि टेबल लोखंडी असले तरी असाच त्रास होतो. पिन पुढच्या खाचेत लावावी.

सुट्टीत महिनाभर माऊस वापरायचा नसेल तर सेल काढून ठेवावा, नाहीतर तो पाझरून आतल्या पट्ट्या खातो. आणि संपलेले सेल उकिरड्यावर टाकू नका. तेच खत पुढे शेतात जाते. एका डब्यात साठवून ठेवा आणि शहरात जाल तेव्हा ई-कचरा घेणाऱ्याकडे द्या.