वीस सेकंदांचा उशीर

एक मीटर दोऱ्याला टांगलेला धातूचा गोळा एक दोलन पुरे करायला साधारण दोन सेकंद घेतो. स्टॉपवॉचचे बटण दाबणारे बोट डोळ्याच्या ०.२ सेकंद मागे असते. एकच दोलन मोजले तर चूक दहा टक्क्यांच्या घरात जाते. वीस दोलनांचे चाळीस सेकंद मोजले की तीच अर्ध्या टक्क्यावर येते. ‘वीस दोलने मोजा’ असे प्रयोगाच्या कृतीत छापलेले असतेच, पण ते का, हे स्वतःचे रीडिंग एकदा फसल्याखेरीज डोक्यात शिरत नाही. पडद्यावरचा लंबक असा फसवत नाही. त्याला पंख्याचा वारा लागत नाही, त्याचा स्टँड डुगडुगत नाही, गोळा सरळ झोका सोडून लंबगोलात फिरू लागत नाही. पोटात भरलेले सूत्र तेवढे तो परत देतो. शाळेच्या प्रयोगशाळेत संगणक हवा की नको हा वाद बहुधा इथेच अडतो: एकीकडे काचसामान, दुसरीकडे पडदा. माझ्या मते ही वाटणीच चुकीची आहे. संगणकाची जागा स्टॉपवॉच आणि आलेखवहीशेजारी आहे. लंबक मात्र खराच टांगलेला हवा.

अर्थात जुन्या प्रयोगशाळेची आरती ओवाळण्याचेही कारण नाही. गुरुत्व त्वरण ९.८ यायला हवे हे आधीच ठाऊक असते, मग रीडिंग जुळवले जाते आणि जर्नल सुवाच्य अक्षरात पूर्ण होते. हेही सिम्युलेशनच, फक्त बॉलपेनने केलेले. नताशा होम्स आणि कार्ल वायमन यांनी २०१८ साली अमेरिकेतल्या महाविद्यालयीन पातळीवरच्या अशा प्रयोगांविषयी लिहिले. वर्गात शिकवलेले पक्के व्हावे एवढ्यासाठीच ठेवलेल्या प्रयोगांनी परीक्षेतल्या गुणांत मोजण्याजोगी भर पडत नाही, असे त्यांना आढळले. गंमत म्हणजे नोबेल मिळवल्याच्या दुसऱ्याच वर्षी, २००२ मध्ये, कोलोरॅडो विद्यापीठात ‘फेट’ हा सिम्युलेशनचा प्रकल्प सुरू करणारे ते हेच वायमन.

त्याच विद्यापीठातला २००५ सालचा एक अभ्यास पडद्याच्या बाजूने नेहमी पुढे केला जातो, आणि तो टाळून चालणार नाही. विद्युत परिपथ शिकताना काही विद्यार्थ्यांना खऱ्या तारा, सेल आणि दिवे दिले, काहींना फक्त सिम्युलेशन. नंतर संकल्पनांवरच्या प्रश्नांत सिम्युलेशनवाले सरस ठरले. खरा परिपथ जोडून तो कसा चालतो हे सांगण्यातही तेच पुढे होते. कारण शोधायला लांब जावे लागत नाही. तारेतून वाहणारी विद्युतधारा दिसत नाही. दिवा लागला नाही तर दोष सेलचा, सैल होल्डरचा की आपल्या समजुतीचा, हे नवख्याला कळत नाही. पडद्यावर धारा वाहताना दिसते आणि होल्डर कधी सैल नसतो. पण हा विजय अदृश्य गोष्टींपुरता आहे. सायप्रसमध्ये बालवाडीतल्या मुलांना तराजूची दांडी शिकवली, तेव्हा दांडी कशी कलते याविषयी ज्यांची समज आधीच चुकीची होती, त्यांना प्रत्यक्ष वजने हाताळावी लागली. पडद्यावरची दांडी त्यांना पुरली नाही. वजन काय हे हाताला कळलेले असले, तरच त्याचे चित्र बोलते.

संगणकाची खरी कामगिरी मला दिसते ती १९८७ च्या एका प्रयोगात. अमेरिकेत हेदर ब्रॅसेल यांनी हायस्कूलच्या मुलांना संवेदकासमोर प्रत्यक्ष चालायला लावले. मूल पुढे-मागे होई, तसतसा अंतराचा आणि वेगाचा आलेख पडद्यावर उमटे. एका तासिकेत मुलांची आलेख वाचण्याची समज सुधारली. दुसऱ्या गटाला तेच यंत्र, तीच हालचाल, पण आलेख वीस-तीस सेकंदांनी दाखवला. जवळजवळ सगळा लाभ तिथेच विरला. पाय थांबले आणि रेघ सपाट झाली, ही गाठ त्या क्षणीच बसते. मग आज रीडिंग आणि पुढच्या आठवड्यात घरी आलेख, या आपल्या रिवाजाबद्दल काय बोलावे! हे यंत्र आता महागही नाही. आखेन विद्यापीठाचे ‘फायफॉक्स’ हे मोफत अॅप फोनमधलेच संवेदक वापरते. दोन फोन पाच मीटर अंतरावर ठेवायचे. पहिल्याजवळ टाळी वाजली की दोन्ही घड्याळे सुरू, दुसऱ्याजवळ वाजली की बंद. दोन्हींच्या वेळेत साधारण ०.०३ सेकंदाचा फरक येतो, कारण आवाजाला जायला आणि यायला मिळून दहा मीटर कापावे लागतात. बोटाने हे मोजणे अशक्य, आणि टाळी मात्र खरी आहे.

यावर रास्त आक्षेप असा की संवेदक हा बंद डबा आहे. आकडा कुठून आला हे मुलाला कळत नाही आणि आलेख काढण्याचा हातही बसत नाही. म्हणून क्रम महत्त्वाचा: आधी हाताने दोन आलेख, प्रमाण ठरवून, बिंदू मांडून, यंत्र त्यानंतर. दुसरा आक्षेप गरिबीचा. जिथे ब्युरेटच नाही तिथे पडदा तरी मिळू दे. अमृता विद्यापीठ आणि सी-डॅक यांच्या ‘ओलॅब्स’वर नववी ते बारावीचे प्रयोग आहेत, मराठीतही. ते जरूर वापरावेत. पण त्यांचे निमित्त करून शाळेने हळद आणि चुनाही आणू नये, हे पटत नाही. हळदीच्या पिवळ्या कागदावर चुन्याची निवळी पडताच तो लाल होतो, आणि त्याला ना वीज लागते ना इंटरनेट.

लंबकाकडेच परत यायचे तर, गोळा थोडासाच न ओढता तीस अंशांपर्यंत ओढून सोडावा. वीस दोलनांना आता अर्धा-पाऊण सेकंद जास्त लागतो, म्हणजे पुस्तकातले सूत्र इथे अपुरे पडते. साधे स्टॉपवॉच हा फरक जेमतेम पकडते. एक गट म्हणेल आला, दुसरा म्हणेल तुमचे बोट चुकले. फोनचा संवेदक गोळ्याला बांधायची वेळ तीच.