‘नास्ति’चें संकट

गेल्या सत्रांत एका पालकांनीं आम्हांस असा प्रश्न केला कीं, “मुलांनीं खोटें बोलूं नये असें आपण शिकवितां, मग राक्षस, पऱ्या व उडते सर्प यांच्या गोष्टींचीं पुस्तकें त्यांच्या हातीं कां देतां? तेंही खोटेंच नव्हे काय?” प्रश्न प्रामाणिक होता, व त्याचें उत्तर आम्हांस तत्काळ सुचलें नाहीं. पुढें विचार करितां असें आढळून आलें कीं, अशाच एका पुस्तकानें ह्या प्रश्नाचें फार मार्मिक उत्तर देऊन ठेविलें आहे. त्या पुस्तकांतील एका विलक्षण संकटाची ओळख येथें करून देण्याचें योजिलें आहे.

मिखाएल एन्डे (१९२९–१९९५) ह्या जर्मन लेखकानें १९७९ सालीं एक कादंबरी प्रसिद्ध केली. ‘न संपणारी गोष्ट’ असा तिच्या नांवाचा अर्थ. बास्टिआन नांवाचा एक मातृहीन मुलगा, सोबत्यांच्या छळास कंटाळून, जुन्या पुस्तकांच्या दुकानांतून एक ग्रंथ चोरतो व शाळेच्या माळ्यावर लपून तो वाचूं लागतो. त्या ग्रंथांत ‘फांटाझिएन’ नामक अमर्याद देशाची हकीकत असते. मनुष्यांच्या कल्पनांनीं व स्वप्नांनीं घडलेला तो देश असून बालसम्राज्ञी ही त्याची स्वामिनी आहे. ती आजारी पडली आहे, आणि देशावर एक भयंकर संकट पसरत चाललें आहे. मूळ भाषेंत त्याचें नांव ‘कांहींच नाहीं’ ह्या अर्थाचें आहे; आपण त्यास ‘नास्ति’ म्हणूं.

ही नास्ति म्हणजे आग नव्हे, पूर नव्हे, शत्रूचें सैन्यही नव्हे. एके ठिकाणीं सरोवर होतें, तें नाहींसें झालें. तें आटलें असतें तर निदान कोरडा तळ उरला असता. येथें तळही नाहीं आणि खांचही नाहीं. तिकडे दृष्टि वळविली म्हणजे काळोखसुद्धां दिसत नाहीं. आपण आंधळे झालों कीं काय, असा पाहणाऱ्यास भास होतो. अत्रेयु नांवाच्या शूर बालकास वाटेंत तीन वृक्षराक्षस भेटतात. नास्तीच्या जवळून गेल्यामुळें एकाचें कमरेखालचें शरीर नाहींसें झालें आहे, दुसऱ्याच्या छातीस आरपार भोंक पडलें आहे, तिसऱ्याचें अर्धें अंगच गेलें आहे. आश्चर्य हें कीं, त्यांस वेदना मुळींच होत नाहींत. केवळ दररोज थोडें थोडें अधिक नाहींसें होतें. शिवाय नास्तीस एक आकर्षण आहे. जवळ आलेले प्राणी आपण होऊन तींत उडी घेतात.

उडी घेणाऱ्यांचें पुढें काय होतें? हें रहस्य ग्मोर्क नांवाचा, साखळदंडानें जखडलेला लांडगा अत्रेयूस सांगतो. कल्पनालोकीचे हे जीव नास्तींतून पार होऊन मनुष्यलोकीं येतात. परंतु तेथें त्यांचें स्वरूप पालटून ते असत्य, भ्रम व भय बनतात, आणि धूर्त लोक त्यांच्या जोरावर इतरांच्या मनावर सत्ता चालवितात. मग लबाडीस विटलेलीं माणसें कल्पनालोक मुळीं नाहींच असें म्हणूं लागतात, तिकडे कोणी जाईनासें होतें, आणि नास्ति आणखी पसरते. एक लोक उजाड होतो व दुसरा खोटेपणानें भरून जातो. रोग मात्र एकच.

आमच्या मतें पालकांच्या प्रश्नाचें उत्तर येथें आहे. गोष्ट आपण गोष्ट असल्याचें लपवीत नाहीं. लबाडी आपलें स्वरूप लपविते. उधळ्या पुत्राची किंवा दयाळू शोमरोनी मनुष्याची कथा आपल्या प्रभूनें दृष्टांतरूपानें सांगितली, तिला कोणी असत्य म्हणेल काय? उलट हल्लीं दूरध्वनीच्या पडद्यावर जी बनावट वार्ता येते, तींत राक्षस नसतो कीं परी नसते. ती अगदीं खऱ्यासारखी दिसते, आणि शेजाऱ्याविषयीं द्वेष पेरून जाते. ज्या मुलास गोष्ट म्हणजे काय हें ठाऊक आहे, त्यास गोष्टीचें सोंग पांघरलेली नव्हे, तर सत्याचें सोंग पांघरलेली कल्पना ओळखणें सुलभ जातें. मूळ जर्मन पुस्तकांत मनुष्यलोकींचा मजकूर तांबड्या व कल्पनालोकींचा हिरवट शाईनें छापिलेला आहे. दोन्ही शाया हव्यात; त्यांची मिसळ मात्र होऊं नये.

बालसम्राज्ञीचा रोग नवीन नांवानेंच बरा होणार असतो, व तें नांव देण्याचें सामर्थ्य केवळ मनुष्याच्या अपत्यास असतें. बास्टिआन तिला ‘चंद्रकन्या’ अशी हांक मारितो, आणि नास्तीचा अंत होतो. १९८४ सालच्या चित्रपटांत बहुतेक एवढाच पूर्वार्ध आहे; परंतु उत्तरार्ध आमच्या विद्यार्थ्यांनीं अवश्य वाचावा. त्या देशांत बास्टिआनची प्रत्येक इच्छा पूर्ण होते, पण प्रत्येक इच्छेसरशीं घरची एक आठवण पुसली जाते. सर्व आठवणी गमावून वेडे झालेल्या माणसांची एक नगरीच तेथें आहे. तात्पर्य, कल्पनालोकीं मुळींच न जाणें हें जसें संकट, तसें तेथून परत न येणें हेंही संकटच होय.

बास्टिआन मोठ्या कष्टानें परत येतो. आल्याबरोबर तो वडिलांस सर्व हकीकत सांगतो. पत्नीच्या मृत्यूनें अबोल झालेल्या त्या पित्याच्या डोळ्यांस पाणी येतें, व पितापुत्र पुन्हां एकमेकांचे होतात. त्यानंतर तो मुलगा, भीति वाटत असतांही, एकटाच दुकानांत जातो आणि चोरी कबूल करितो.

ज्या पालकांनीं आम्हांस प्रश्न विचारिला, त्यांस आम्ही एवढेंच विनवितों कीं, मुलाच्या हातचें पुस्तक काढून घेऊं नये. रात्रीं जेवणानंतर त्यास जवळ बसवून, आज काय वाचलेंस, असें विचारावें. परतीची वाट बहुधा तेथूनच सुरू होते.